पाणी कमी होतंय, तर ते जातंय कुठे?
वाचकांचे प्रश्न, गॅरेजमधून उत्तरं

या वेळच्या पत्रांमध्ये इंजिन तापण्याच्या तक्रारी इतक्या आहेत की ब्रेक आणि बॅटरीची पत्रं पुढच्या अंकासाठी बाजूला ठेवली. पहिल्या पत्राचं उत्तर लांबलं आहे, पण ते सगळ्यांनी वाचावं. बाकीच्या बऱ्याच प्रश्नांचं मूळ तिथेच आहे.

ताई, माझ्या गाडीच्या कूलंटच्या बाटलीतली पातळी दर पंधरा-वीस दिवसांनी खालच्या खुणेखाली जाते. मी पाणी भरते आणि गाडी चालवते. तापमानाचा काटा कायम मधोमध असतो, गाडीखाली डागही नसतो. मेकॅनिक म्हणाला, जुनी गाडी थोडं पाणी पितेच. काळजी करण्यासारखं आहे का?

आहे. कुठलीच गाडी पाणी पीत नाही, जुनी असो वा नवी. इंजिनाच्या पोटातून रेडिएटरकडे, म्हणजे पाणी गार करणाऱ्या पुढच्या जाळीकडे, आणि तिथून परत फिरणारं ते कूलंट मिसळलेलं पाणी बंद वाटेत फिरतं. वर्षभरात पातळी बोटभर उतरली तर मी सोडून देईन. दर पंधरवड्याला भरावं लागतंय, म्हणजे ते कुठून तरी बाहेर जातंय. पाणी भरल्याने फक्त बाटली भरते, गळतीची जागा तशीच राहते.

गाडीखाली डाग दिसत नाही, कारण बहुतेक गळती इंजिन गरम असताना होते. त्या वेळी आत दाब असतो. बाहेर आलेला थेंब तापलेल्या लोखंडावर पडून लगेच सुकतो, मागे फक्त पापुद्रा राहतो. तोच पापुद्रा शोधायचा. सकाळी इंजिन पूर्ण गार असताना बॉनेट उघडा, टॉर्च घ्या आणि होस पाइपची चारही टोकं, क्लिपांच्या कडा, रेडिएटरची प्लॅस्टिकची टाकी जिथे ॲल्युमिनियमच्या जाळीला बसते तो सांधा, हे सगळं नीट बघा. कूलंट ज्या रंगाचं आहे त्याच रंगाची खरखरीत पूड किंवा पांढरट ओघळ दिसला, की जागा सापडली. वॉटर पंपाच्या अंगावर, बेअरिंगच्या बाजूला, एक बारीक भोक मुद्दाम ठेवलेलं असतं. आतलं सील झिजलं की पाणी बेअरिंगमध्ये न शिरता त्या भोकातून बाहेर यावं, म्हणून ती सोय. तिथून खाली उतरलेली रंगीत रेघ दिसली तर पंप बदलायला झाला आहे. भोक बुजवून घेऊ नका. असा ‘इलाज’ केलेले पंप माझ्याकडे आले आहेत, त्यांची बेअरिंगं खडखडत होती.

बाहेर काही सापडलं नाही, तर आत डोकवा. केबिन गरम करणारा हीटर म्हणजे डॅशबोर्डमागे बसवलेला छोटा रेडिएटरच असतो. तो गळत असेल तर पुढच्या सीटसमोरचा गालिचा ओला लागतो, काचेवर तेलकट धुकं साचतं आणि गोडसर वास येतो.

तिसरी वाट सगळ्यात वाईट. हेड गॅस्केट, म्हणजे इंजिनाचं हेड (वरचा भाग) आणि ब्लॉक (खालचा भाग) यांच्यामधलं सील, निकामी होऊन पाणी सिलिंडरमध्ये जातं आणि धुरातून उडून जातं. इंजिन गार असताना कूलंटचं झाकण काढून इंजिन चालू करा. बाटलीत सतत, एका लयीत बुडबुडे येत राहिले तर सिलिंडरमधला वायू पाण्यात शिरतो आहे. खात्री करायला गॅरेजमध्ये एक निळा द्राव असतो. बाटलीतली हवा त्यातून खेचली आणि द्राव पिवळा पडला, तर ती हवा जळलेल्या वायूची आहे. तेलाच्या झाकणाखाली साय दिसली म्हणून मात्र लगेच घाबरू नका. फक्त जवळच्या फेऱ्या मारणाऱ्या गाडीत नुसत्या दमटपणानेही ती येते.

मेकॅनिककडे गेल्यावर एकच मागा: प्रेशर टेस्ट. गार इंजिनावर हातपंप लावून झाकणावर लिहिलेल्या आकड्याइतका दाब द्यायचा आणि पंधरा मिनिटं थांबायचं. पंपाचा काटा उतरला की गळती आहे. इंजिन गार असल्याने थेंब सुकत नाही, तो हाताला लागतो. झाकणाचीही वेगळी तपासणी करून घ्या, ते फार दुर्लक्षित असतं. त्यावर ०.९, १.१ किंवा १.४ असा आकडा असतो, तो दाब बारमध्ये. झाकण प्रेशर कुकरच्या शिट्टीसारखं काम करतं: दाब टिकवतं, त्यामुळे उकळबिंदू वर जातो. अर्धं कूलंट आणि अर्धं पाणी हे मिश्रण उघड्यावर सुमारे १०८ अंश सेल्सिअसला उकळतं, साधारण एक बार जादा दाबाखाली मात्र १२९ च्या आसपास. झाकणाचं रबर चिरलं की हे वीसेक अंश हातचे गेले. मग चढावर आत उकळी फुटते, पाणी बाटलीतून बाहेर सांडतं आणि दोष रेडिएटरला दिला जातो.

आणि काटा मधोमध आहे यावर विसंबू नका. बऱ्याच गाड्यांमध्ये काटा मुद्दाम शांत ठेवलेला असतो, तापमान बऱ्याच अंशांनी वरखाली झालं तरी तो जागचा हलत नाही. तो हलतो तेव्हा उशीर झालेला असतो. शिवाय पाणी इतकं उतरलं की सेन्सर कोरडा पडला, तर त्याला पाण्याचं तापमान कळतच नाही, काटा उलट खालीही येऊ शकतो.

शेवटचं. इतके दिवस नुसतं पाणी भरल्यामुळे आतलं मिश्रण पातळ झालं आहे. गळती दुरुस्त झाली की सगळं काढून नवं कूलंट भरा.

वाहतूक कोंडीत काटा वर चढतो, रस्ता मोकळा झाला की खाली येतो. रेडिएटर बदलू का?

आधी पंखा बघा. गाडी धावते तेव्हा समोरची हवा आपोआप रेडिएटरमधून जाते. उभ्या गाडीत ते काम पंख्याचं. इंजिन चालू करून एसी लावा. बहुतेक गाड्यांत पंखा लगेच किंवा थोड्या वेळाने फिरू लागतो. हात लांब ठेवा. नाहीच फिरला तर फ्यूज, रिले, कनेक्टर आणि मोटर याच क्रमाने तपासायला सांगा. पंखा ठीक असेल तर एसीचा कंडेन्सर (रेडिएटरपुढची एसीची जाळी) आणि रेडिएटर यांच्या मधल्या फटीत साचलेली माती आणि किडे बाहेरून दिसत नाहीत, तिथे बघा. पाण्याची धार हलकी आणि शक्यतो इंजिनाच्या बाजूने मारा. जोरदार धारेने जाळीची पातळ पाती आडवी होतात आणि हवेची वाट कायमची अडते.

तुमच्या उलट तक्रार असती, म्हणजे उभी असताना गार आणि वेगात गरम, तर मी रेडिएटर आतून चोक झाल्याचा किंवा रेडिएटरची वाट उघडणारा थर्मोस्टॅट पूर्ण उघडत नसल्याचा संशय घेतला असता.

ताई, शेजारी म्हणतात, थर्मोस्टॅट काढून फेका, गाडी कधी तापणार नाही. ते स्वतः वर्षानुवर्षं तशीच चालवतात. मी निवृत्त माणूस आहे, माझ्या फेऱ्या जवळच्याच असतात. काढू का?

काका, काढू नका. जवळच्या फेऱ्या हे तर न काढण्याचं आणखी मोठं कारण आहे.

थर्मोस्टॅटच्या पोटात पितळी कुपी असते आणि तिच्यात खास मेण. पाणी ठरलेल्या तापमानाला पोचलं की मेण वितळून फुगतं, दांडी ढकलतं आणि रेडिएटरची वाट उघडते. ते तापमान थर्मोस्टॅटवरच कोरलेलं असतं, बहुधा ८२ ते ९० च्या दरम्यान. तोवर पाणी इंजिनातच फिरतं आणि इंजिन लवकर गरम होतं. इंजिनाला गरम होणं हवं असतं, हे लोकांना सांगूनही पटत नाही. गार इंजिनाला कॉम्प्युटर जादा इंधन देतो. न जळलेलं इंधन तेलात उतरतं, तेलातला ओलावा उडून जात नाही, आणि दोन्ही मिळून गाळ होतो. थर्मोस्टॅट काढलेलं इंजिन जवळच्या फेरीत पूर्ण तापतच नाही. मायलेज उतरतं, आणि अनेक गाड्यांत इंजिनाचा दिवा लागून ‘पी ०१२८’ हा कोड येतो, म्हणजे पाणी वेळेत पुरेसं गरम झालं नाही.

दुसरी गोष्ट शेजाऱ्यांना जरूर सांगा. बऱ्याच इंजिनांत थर्मोस्टॅटला खाली दुसरी चकती असते. वरची वाट उघडताना ती आतली छोटी वाट बंद करते, म्हणजे सगळं गरम पाणी रेडिएटरकडेच जातं. थर्मोस्टॅट काढला की ती छोटी वाट कायम उघडी राहते आणि काही पाणी रेडिएटरला न जाताच पुन्हा इंजिनात शिरतं. अशी गाडी कडक उन्हात, चढावर उलट जास्त तापू शकते.

सध्याच्या थर्मोस्टॅटचा संशय असेल तर तो काढून भांड्यात पाण्यात सोडा. दोऱ्याने लटकवा, तळाला टेकू देऊ नका, शेजारी थर्मामीटर ठेवा आणि पाणी तापवत न्या. कोरलेल्या आकड्याच्या जवळपास फट दिसायला लागते, पुढच्या दहा-पंधरा अंशांत तो पूर्ण उघडतो. गार झाल्यावर घट्ट मिटला पाहिजे. यातलं एकही बिघडलं तर त्याच आकड्याचा नवा बसवा, आणि त्याचं रबर नवंच घ्या. हे भांडं मात्र पुन्हा स्वयंपाकघरात नेऊ नका.

आमच्याकडे बर्फ पडत नाही. मग कूलंट कशाला, साधं पाणी का नको? आणि हिरव्यात गुलाबी मिसळलं तर चालतं का?

गोठणं थांबवणं हे कूलंटचं एक काम झालं. तुमच्यासाठी महत्त्वाचं आहे ते गंज रोखणं. इंजिनात ॲल्युमिनियम, ओतीव लोखंड, रबर आणि सोल्डर एकाच पाण्यात बुडालेले असतात. नुसत्या पाण्यात ॲल्युमिनियम खड्डे पडून खाल्लं जातं, लोखंड तांबडा गाळ सोडतं. नळाचं किंवा बोअरचं पाणी जड असेल तर क्षारांचा थर बसतो आणि तो उष्णता अडवतो. म्हणून मिसळायला डिस्टिल्ड किंवा डिमिनरलाइज्ड पाणीच घ्या.

पण नुसतं कूलंट भरणंही चूक आहे. उष्णता वाहून नेण्यात पाणी कूलंटमधल्या ग्लायकॉलपेक्षा सरस आहे. शिवाय शुद्ध ग्लायकॉल उणे १२-१३ अंशांनाच गोठतं, निम्मं पाणी घातलेलं मिश्रण उणे ३७ पर्यंत टिकतं. निम्मं-निम्मं हेच प्रमाण ठेवा, आणि कॅनवर ‘रेडी टू यूज’ लिहिलं असेल तर त्यात आणखी पाणी घालू नका.

रंगाबद्दल: रंग हा फक्त रंग असतो. कुठल्या कंपनीने कुठला रंग वापरावा याचा नियम नाही. दोन हिरवी कूलंटं आतून वेगळी असू शकतात. जुन्या पद्धतीचं सिलिकेटवालं आणि नवं सेंद्रिय आम्लाचं मिसळलं तर गंज रोखण्याची ताकद घटते, कधी जेलीसारखा गाळही धरतो. गाडीच्या पुस्तकात जो दर्जा लिहिला आहे तोच कॅनवर शोधा. बदलण्याची मुदतही तिथेच मिळेल: जुन्या पद्धतीचं साधारण दोन वर्षं, नवं पाचच्या आसपास.

काढलेलं कूलंट उघड्या थाळीत ठेवू नका. एथिलीन ग्लायकॉल चवीला गोड आणि अत्यंत विषारी आहे. कुत्रीमांजरं चाटतात आणि मूत्रपिंडं निकामी होऊन मरतात. मुलांपासूनही दूर ठेवा. गॅरेजलाच परत द्या, गटारात ओतू नका.

मोठ्या रस्त्यावर काटा अचानक लाल पट्ट्यात गेला तर नेमकं काय करावं?

एसी बंद करा, हीटर पूर्ण गरमवर आणि पंखा जोरात. केबिनमध्ये घाम फुटेल, पण हीटरमधून बरीच उष्णता बाहेर पडते. जागा मिळताच बाजूला घ्या. काटा उतरायला लागला नाही, किंवा वाफ दिसली, तर इंजिन लगेच बंद करा. ‘पुढच्या वळणापर्यंत’ नेऊ नका. हेड ॲल्युमिनियमचं असतं, ब्लॉक अनेकदा लोखंडाचा, आणि ॲल्युमिनियम तापल्यावर लोखंडाच्या जवळपास दुप्पट फुगतं. हेड वाकतं ते याच काही मिनिटांत.

झाकणाला हात लावू नका. आत शंभर अंशांपेक्षा जास्त तापलेलं पाणी केवळ दाबामुळे पाणी राहिलेलं असतं. झाकण सैल झालं की दाब सुटतो, त्यातल्या काही भागाची क्षणात वाफ होते, आणि पाण्याची वाफ सुमारे १६०० पट जागा घेते. चेहरा आणि हात भाजण्याच्या घटना अशाच घडतात. गार पाण्याची बादलीही इंजिनावर ओतू नका, तापलेल्या धातूला चीर जाते.

निदान अर्धा-पाऊण तास थांबा. वरचा होस पाइप दाबून बघा: तो मऊ आणि हाताला सोसवेल इतका गार असेल, तरच जाड फडकं ठेवून झाकण अर्धा आटा सैल करा, फुसफुस थांबू द्या, मग काढा. पातळी उतरली असेल तर थोडं थोडं पाणी भरा. या वेळी साधं पाणीही चालेल. भरण्याआधी तेलाची काडी काढून बघा. तेल दुधाळ दिसलं, म्हणजे त्यात पाणी मिसळलं असेल, तर इंजिन चालूच करू नका, टो करूनच न्या. तेल स्वच्छ असेल आणि भरलेलं पाणी खाली वाहून जात नसेल, तर हीटर चालू ठेवून जवळच्या गॅरेजपर्यंत सावकाश जा. वाटेत काटा पुन्हा उठला तर तिथेच थांबा आणि टो बोलवा.