इंग्लंडमध्ये स्किझोफ्रेनियाचा रुग्ण जीव वाचवणारी शस्त्रक्रिया नाकारू शकतो का?

हो, नाकारू शकतो. आजाराचं निदान झालं म्हणून निर्णयक्षमता गेली असं तिथला कायदा मानत नाही. याचा पाया 1993 च्या 'सी' खटल्यात आहे. ब्रॉडमूर या मनोरुग्णालयातल्या 68 वर्षांच्या रुग्णाच्या पायाला गँगरीन झालं होतं. पाय कापला नाही तर जगण्याची शक्यता जेमतेम 15 टक्के, असं सर्जनचं मत. आपण जगप्रसिद्ध डॉक्टर आहोत असा त्याचा भ्रम होता, तरीही त्याने ठाम नकार दिला आणि न्यायमूर्ती थॉर्प यांनी तो मान्य केला. कारण पायाबद्दलची माहिती त्याला समजत होती, पटत होती आणि तोलताही येत होती. हा फरक मला फार मोलाचा वाटतो: भ्रम एका बाबतीत असला तरी माणूस सगळ्याच बाबतीत बिनडोक ठरत नाही. पुढे 2005 च्या मेंटल कपॅसिटी ॲक्टने हेही लिहून ठेवलं की निर्णय शहाणपणाचा नाही, एवढ्यावरून क्षमता नाही असं धरायचं नाही. मात्र कायद्याने दाखल करून ठेवलेल्या रुग्णावर त्याच्या मानसिक आजाराचेच उपचार असतील, तर 1983 च्या मेंटल हेल्थ ॲक्टखाली ते बहुतेक वेळा संमतीशिवायही करता येतात.