नव्या इन्चार्ज सिस्टरसाठी: आधी रोस्टर बघ

वॉर्ड हातात आला की पहिलं लक्ष ड्युटी रोस्टरवर दे. 12 मेला, परिचारिका दिनी मिळालेल्या फुलापेक्षा दोन आठवडे आधी लागलेलं रोस्टर मुलींना जास्त आधार देतं. सकाळी नाइट संपवून गेलेलीला त्याच दुपारची ड्युटी लावू नकोस. सुटीच्या दिवशी फोन तर नकोच.

खरी कसोटी एखादीला वापरलेली सुई टोचल्यावर लागते. 'वापरलेल्या सुईला परत कॅप का लावत होतीस?' हा पहिला प्रश्न आला, की पुढची इजा लपवली जाते. जखम साबण-पाण्यानं धुवायला लाव, पिळू देऊ नकोस. तिचे पेशंट दुसरीकडे सोपव आणि कॅज्युअल्टीत स्वतः सोबत जा. एचआयव्हीची प्रतिबंधक औषधं लागणार असतील तर शक्यतो 2 तासांत, फार तर 72 तासांत सुरू व्हायला हवीत. कोर्स 28 दिवसांचा. या काळात मळमळ, थकवा येऊ शकतो, म्हणून तिला विचारूनच नाइट लाव. हिपॅटायटिस बीची लस (0, 1, 6 महिने) मात्र रुजू होतानाच सुरू करून घे.

आणि जेवण! कुणी कुणाचे पेशंट बघायचे हे ओव्हर (आधीच्या ड्युटीकडून पेशंटची माहिती) घेतानाच ठरव, नाहीतर डबे भरलेलेच घरी जातात.