विनोदी लेखनात करिअर: इंजिनिअरिंग सोडू द्यावं का?

नमस्कार ताई,

मुलगा पुण्यात इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे, त्याच्या विनोदी एकांकिकेला दोन स्पर्धांत लेखनाचं बक्षीस मिळालंय आणि आता कॉलेज सोडून त्याला पूर्णवेळ लिहायचंय, असं तुम्ही कळवलंत. नाटक, सिनेमा, कथा, त्याला सगळंच करायचंय. बाबा त्याच्याशी धड बोलत नाहीत. यात पोट भरतं का, कोर्स असतो का आणि कॉलेज सोडू द्यावं का, असे तुमचे तीन प्रश्न आहेत.

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो. सोडू देऊ नका. उरलेली सेमिस्टर पूर्ण होऊ द्यात. पण ‘आधी डिग्री घे, मग काय ती थेरं कर’ असं त्याला कृपा करून म्हणू नका. तुम्ही सोबत पाठवलेली एकांकिका मी वाचली. मुलाला लिहिता येतं, आणि हे मी त्याचं मन राखायला म्हणत नाही.

मराठीत विनोदावर ज्यांनी नाव कमावलं, त्यांची आयुष्यं पाहा. चिं. वि. जोशी बडोदा संस्थानात नोकरीला होते, पाली भाषेचे अभ्यासक होते. आचार्य अत्रे पुण्यात हेडमास्तर होते आणि १९२८ साली लंडनहून अध्यापनाची पदविका घेऊन आले. ‘साष्टांग नमस्कार’ हे नाटक त्यानंतरचं, १९३३चं. द. मा. मिरासदार मराठीचे प्राध्यापक. पु. ल. देशपांड्यांनी शाळेत शिकवलं, कॉलेजात शिकवलं, पुढे आकाशवाणीवर नोकरी केली. लेखनातले पैसे अनियमित येतात. दुसरीकडून पगार येत असला की नको ते काम नाकारता येतं, आणि उमेदीच्या वर्षांत विनोदी लेखकाला याची फार गरज असते. शिवाय शाळा, कचेरी, कारखाना इथेच माणसं भेटतात. घरी बसून लिहिणाऱ्याला विषय लवकर पुरेनासे होतात, हे मी या वाटेवरच्या बऱ्याच मुलांच्या बाबतीत पाहिलंय.

आता सगळंच लिहायचंय, त्याबद्दल. नाटक, पडदा आणि कथा ही तीन वेगळी कामं आहेत, आणि हे त्याला त्याच्याच एकांकिकेवरून समजावता येईल. हयातीचा दाखला द्यायला आजोबा स्वतः बँकेत येतात. ‘मी समोर उभा आहे की हो!’ असं म्हणतात आणि कारकून म्हणतो, ‘तसं लेखी आणा.’ इथे हमखास लाफ्टर आहे. पण लगेच पुढच्याच वाक्यात आजोबा सांगतात की पेन्शन चार महिने बंद आहे आणि आजीचं औषध थांबलंय. सगळ्या एकांकिकेचा डोलारा ज्या वाक्यावर उभा आहे, ते हशात बुडणार. रंगमंचावर हशा विरेपर्यंत नटाला थांबावं लागतं, आणि त्या वेळात त्याला करायला काहीतरी लेखकाने द्यावं लागतं. आजोबांना चष्मा पुसू दे, पिशवीतले कागद काढू दे, मग बोलू दे. हे वाचून समजत नाही, तालमीत आणि प्रयोगात विंगेत उभं राहिल्यावर समजतं.

कथेत हाच प्रसंग कारकुनाच्या तोंडून आला, आपण किती नियमाने वागलो हे तो अभिमानाने सांगत बसला, तर मजा वेगळीच येईल. चिंविंचा चिमणराव असाच स्वतःची फजिती गंभीरपणे सांगतो आणि हसतो वाचक. त्या कथा मुंबई दूरदर्शनच्या मालिकेत आल्या तेव्हा छापील वाक्यांचं बरंचसं काम दिलीप प्रभावळकरांच्या चेहऱ्याने आणि आवाजाने केलं. पडद्यासाठी लिहिणाऱ्याला आपलं लाडकं वाक्य काढून टाकून प्रसंग उभा करता यायला हवा. कोण कधी दारात येतो, कुणाच्या हातात काय आहे, यावर तिथला विनोद चालतो.

क्रम विचारलात तर मी आधी रंगमंच म्हणेन. विनोद जमला की फसला, हे तिथे त्याच संध्याकाळी कळतं. पु. लं.नी १९५३ साली ‘गुळाचा गणपती’ या चित्रपटात कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिका असं सगळं केलं, तरी त्यांचा जम बसला तो नाटकांत, पुस्तकांत आणि एकपात्री प्रयोगांत. ‘बटाट्याची चाळ’ आधी पुस्तक होतं, मग १९६१ पासून ते एकट्याने रंगमंचावर सादर करू लागले. एकच ऐवज दोन ठिकाणी चालला, पण दुसऱ्या ठिकाणी तो नव्याने बांधावा लागला.

तेव्हा पदवी होईपर्यंत त्याने दरवर्षी एक एकांकिका करावी आणि दिवाळी अंकांसाठी एक विनोदी कथा लिहावी. अंकांची जुळवाजुळव पावसाळ्यातच सुरू होते, दसऱ्याला कथा पाठवून उपयोग नाही. टीव्हीवरच्या प्रहसनांच्या कार्यक्रमांत एकांकिकांमधून आलेले लेखक घेतात. ते काम मिळालं तर करावं, पण दर आठवड्याला नवं प्रहसन द्यायचं म्हणजे दमछाक असते, हे माहीत असू द्या.

कोर्सचं थोडक्यात सांगतो. पुण्यातच एफटीआयआय या चित्रपटशिक्षणाच्या सरकारी संस्थेत पटकथालेखनाचा अभ्यासक्रम आहे. त्याला कुठल्याही शाखेची पदवी लागते, हे मुलाला जरूर सांगा. नाट्यशिक्षणासाठी पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र आहे.

पोट भरतं का? भरतं, पण एकाच ठिकाणाहून भरेल असं धरून चालू नका. व्यावसायिक नाटकात लेखकाला प्रयोगामागे मानधन असतं, म्हणजे नाटक चाललं तर वर्षानुवर्षं पैसे आणि पडलं तर काही नाही. मालिकेत एपिसोडमागे मिळतं, ते त्यातल्या त्यात नियमित. सिनेमाचे पैसे हप्त्याहप्त्याने येतात आणि शेवटचा हप्ता फार वेळा रखडतो, म्हणून संहिता पूर्ण द्यायच्या आधी बरीचशी रक्कम हातात यावी असा करार करावा. पुस्तकांच्या रॉयल्टीवर घर चालवणारे मराठीत मोजकेच.

कागदपत्रांच्या बाबतीत मात्र मुलं फार भोळी असतात. कुणालाही कथा ऐकवण्याआधी ती मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवून घ्यावी, हे ऑनलाइन होतं. तोंडी व्यवहार नको. कॉपीराइट कायद्यात २०१२ साली झालेल्या दुरुस्तीनंतर चित्रपटगृहाबाहेरच्या वापराच्या रॉयल्टीवरचा हक्क लेखकाला करारातही सोडून देता येत नाही. तरीही तसं कलम पुढे केलं गेलं तर सही करण्याआधी वकिलाला दाखवावं.

राहिले बाबा. त्यांना समजावत बसू नका. पुढचा प्रयोग पुण्यात असेल तेव्हा त्यांना कराडहून घेऊन जा आणि मागच्या रांगेत बसा, म्हणजे हसणारी माणसं त्यांना दिसतील. प्रयोगानंतर मुलाशी काय बोलायचं, ते त्यांचं त्यांना ठरवू द्या. आणि एकांकिका दुरुस्त झाली की मला पुन्हा पाठवायला सांगा. चष्म्याची जागा जमली का, ते पाहायचंय मला.