दारूबंदीच्या काळात अमेरिकेतल्या डान्स हॉलमध्ये दारू नेमकी कशी मिळायची?

तुम्ही लिहिलंय की न्यू जर्सीतल्या मराठी मंडळासाठी एकांकिका बसवताय. काळ १९२७ चा, जागा न्यूयॉर्कमधला एक मोठा डान्स हॉल. हॉलचा मालक काउंटरखालून बाटल्या काढून विकतो, पोलिसांची धाड पडते आणि गिऱ्हाइकांना बेड्या पडतात. हा प्रसंग खरा वाटेल का, असा तुमचा प्रश्न आहे. माझ्या मते तिन्ही गोष्टी बदलायला हव्यात. मोठ्या हॉलचा मालक स्वतः बाटली विकण्याच्या फंदात सहसा पडत नसे, धाड घालायला येणारा माणूस बहुधा गणवेशातला नसे आणि नुसतं प्यायला म्हणून गिऱ्हाइकाला कोणी पकडत नसे.

शेवटच्या मुद्द्यापासून सुरुवात करतो, कारण आपल्या डोक्यात महाराष्ट्रातला कायदा पक्का बसलेला असतो. १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्यात विनापरवाना पिणं हाच गुन्हा आहे, म्हणून तर 'परमिट रूम'ची पाटी. अमेरिकेत तसं नव्हतं. दारूबंदीची अठरावी घटनादुरुस्ती १७ जानेवारी १९२० पासून लागू झाली आणि ती राबवण्यासाठी व्होल्स्टेड कायदा आला. अर्ध्या टक्क्याहून जास्त अल्कोहोल असलेलं पेय म्हणजे दारू. ती बनवणं, विकणं, नेणं-आणणं आणि घराबाहेर जवळ बाळगणं गुन्हा. पिणं गुन्हा नाही. विकत घेणारासुद्धा या कायद्याखाली गुन्हेगार ठरत नाही, हे तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १९३० मध्ये स्पष्टच केलं. म्हणजे मुख्य धोका विकणाऱ्याच्या डोक्यावर.

त्यातही मालकाची झोप उडवणारी शिक्षा तुरुंगाची नव्हती, कुलपाची होती. ज्या जागेत दारू विकली किंवा ठेवली जाते ती 'सार्वजनिक उपद्रव' ठरवून न्यायालय एक वर्षापर्यंत तिला कुलूप ठोकू शकत असे. न्यूयॉर्कचे सरकारी वकील एमरी बकनर यांनी १९२५ पासून हेच हत्यार बाहेर काढलं. हजारो आरोपींचे खटले चालवत बसण्यापेक्षा जागाच बंद करून टाकायची. आता हिशेब बघा. तळघरातल्या चोरट्या गुत्त्याला, म्हणजे 'स्पीकईझी'ला, कुलूप लागलं तर मालक चार टेबलं उचलून पुढच्या गल्लीत जाई. पण १९२६ मध्ये हार्लेम या न्यूयॉर्कमधल्या कृष्णवर्णीयांच्या वस्तीत उघडलेल्या सॅव्हॉय बॉलरूमसारखी जागा घ्या: लेनॉक्स अव्हेन्यूवर दोन चौकांच्या मधली अख्खी लांबी, घासून गुळगुळीत ठेवलेली लाकडी जमीन, एक बँड थांबला की दुसऱ्याने सुरू करावं म्हणून शेजारीशेजारी दोन मंच. असा हॉल वर्षभर बंद राहिला तर मालकाचं दिवाळंच. शिवाय १९२६ च्या कॅबरे कायद्यानंतर न्यूयॉर्कमध्ये संगीत-नाचाच्या जागेला शहराचा परवाना लागू लागला आणि रात्री तीनला दारं बंद करणं आलं. चार बाटल्यांच्या नफ्यासाठी हे सगळं पणाला लावणारा मालक मूर्खच म्हणायचा.

मग दारू यायची कुठून? गिऱ्हाइकाच्या मागच्या खिशातून. हिप फ्लास्क नावाची चपटी, शरीराच्या वळणाला बसेल अशी किंचित वाकवलेली धातूची बाटली ही त्या काळाची खरी खूण. बायका ती पर्समध्ये ठेवत, नाहीतर मोजाच्या पट्ट्यात खोचत. हॉल काय विकायचा? ग्लास, बर्फ आणि जिंजर एल, म्हणजे आल्याच्या चवीचं बिनदारूचं फसफसतं पेय. या सामानाला तिथे 'सेट-अप' म्हणत. दुकानात काही सेंटना मिळणारी जिंजर एलची बाटली नाइट क्लबात डॉलर-दोन डॉलरला जाई, वर टेबलाचं वेगळं भाडं. म्हणजे दारू गिऱ्हाइकाची, जोखीम गिऱ्हाइकाची आणि गल्ला मालकाचा. तुमच्या नाटकातला वेटर ट्रेमध्ये बर्फाचं भांडं आणि दोन रिकामे ग्लास ठेवून जातो, पाठ वळवतो आणि टेबलाखालून ओतण्याची हालचाल दिसते, एवढंच दाखवा. ते काउंटरखालच्या बाटलीपेक्षा खरंही आहे आणि बघायला मजेशीरही.

ज्याच्याकडे फ्लास्क नाही त्याचं काय, हा प्रश्न येईलच. त्याच्यासाठी दाराशी, कपडे ठेवायच्या खोलीत, बाहेर उभ्या टॅक्सीत माणसं असत. टॅक्सीवाला, हमाल, कधी बँडमधलाच एखादा वादक. मालकाला हे माहीत नसे असं नाही. पण कागदावर त्याचा संबंध नसे. शिकागोत पुढे सरकारी वकिलांनी ही पळवाटही बुजवायचा प्रयत्न केला. फ्लास्कवाल्याला तुम्ही जाणूनबुजून बर्फ आणि जिंजर एल पुरवता, म्हणजे उपद्रवात तुम्हीही सामील, असा युक्तिवाद करून त्यांनी काही कॅबरेंवर कुलपाची कारवाई केली.

अपवाद होता गुंडांच्या मालकीच्या क्लबांचा. हार्लेमचा कॉटन क्लब ओनी मॅडनने १९२३ मध्ये ताब्यात घेतला तोच मुळी आपली बिअर खपवायला. १९२५ मध्ये दारूवरून तो बंद पडला आणि पुन्हा उघडला. डिसेंबर १९२७ मध्ये जॅझ वादक ड्यूक एलिंग्टनचा बँड तिथे लागला. पण तो डान्स हॉल नव्हता. प्रेक्षक टेबलाशी बसून कार्यक्रम बघत. मंचावर सगळे कृष्णवर्णीय आणि प्रेक्षकांत फक्त गोरे, असा त्याचा नियम. सॅव्हॉयमध्ये मात्र दोघे एकाच जमिनीवर नाचत. एकांकिकेत हार्लेम आणणार असाल तर या दोन जागांची सरमिसळ करू नका, ती लगेच खटकेल.

तिसरा प्रकार टॅक्सी-डान्स हॉलचा, आणि रंगमंचासाठी मला तो सगळ्यात सोयीचा वाटतो. पुरुष गिऱ्हाईक दारात दहा सेंटचं एक अशी तिकिटं घेई. एक तिकीट, एक नाच. मुलगी तिकीट फाडून घेई आणि अर्धा तुकडा मोजाच्या वरच्या काठात खोचून ठेवी. रात्री तुकडे मोजले की दर नाचामागे पाच सेंट तिचे, उरलेले हॉलचे. पैसा नाचांच्या संख्येवर असल्यामुळे बँड गाणं मिनिट-दीड मिनिटात गुंडाळत असे. पूर्ण गाणं वाजवलं तर धंदा बुडाला. तुमच्या संगीत संयोजकाला हे आधीच सांगा. प्रत्येक गाणं मध्येच तुटतं, पुन्हा तिकीट फाटतं, पुन्हा सुरू होतं; ही लय संवादांना फार उपयोगी पडेल.

आता मालाकडे येऊ. फ्लास्कमध्ये काय असे, यावर पात्राचा खिसा किती जड आहे ते कळतं. सगळ्यात वरचा माल म्हणजे समुद्रातून आलेली खरी स्कॉच किंवा रम. बहामातल्या नासाऊहून आणि न्यूफाउंडलंडजवळच्या सँ-पिएर या फ्रेंच बेटावरून जहाजं निघत आणि अमेरिकेच्या हद्दीबाहेर रांगेने नांगर टाकून उभी राहत. हद्द आधी ३ मैल होती, १९२४ च्या करारानंतर ती जहाजाच्या तासाभराच्या अंतरापर्यंत, म्हणजे साधारण १२ मैलांपर्यंत गेली. त्यामुळे छोट्या होडीवाल्यांची पंचाईत झाली आणि वेगवान मोटरबोटींचे दिवस आले. बिल मॅकॉय या कप्तानाने लाकडी खोकी काढून टाकली. सहा बाटल्या पेंढ्यात गुंडाळायच्या, खाली तीन, वर दोन, त्यावर एक अशा रचायच्या आणि गोणपाटात घट्ट शिवून टाकायच्या. या गाठोड्याला 'हॅम' म्हणत. जागा कमी लागते, बाटल्या खणखणत नाहीत, काळोखात एकाने दुसऱ्याकडे फेकता येतात. गस्तीची बोट दिसली तर माल पाण्यात सोडायचा. काहीजण त्याला मिठाची पिशवी आणि तरंगी बांधत. वजनाने माल बुडायचा आणि काही वेळाने मीठ विरघळलं की तरंगी वर येऊन जागा दाखवायची.

हा खरा माल गिऱ्हाइकापर्यंत मात्र क्वचितच खरा पोहोचे. मधला दलाल एका बाटलीच्या तीन करी: साधं अल्कोहोल, पाणी, रंगाला करपवलेली साखर आणि छापखान्यातून आणलेलं लेबल. फुगलेलं, समुद्राचं पाणी लागल्यासारखं लेबल मुद्दाम तयार करणारेही होते.

बिअरची गोष्ट निराळी. कायद्याने चालणारी 'नियर बिअर' बनवायला आधी खरी बिअर बनवावी लागे आणि मग त्यातलं अल्कोहोल काढून टाकावं लागे. म्हणजे कारखान्यात खरी बिअर कायदेशीरपणे तयार होतच होती. तपासनीसाला हप्ता पोहोचला की ती तशीच पिंपात भरून मागच्या दाराने जाई. जिथे हे जमत नसे तिथे नियर बिअरच्या पिंपात वरून अल्कोहोल टोचत. ही 'नीडल बिअर'. पिंप जड, अवजड आणि आवाज करणारं, म्हणून बिअरचा धंदा किरकोळ माणसाला झेपत नसे. तो ट्रक, गोदाम आणि पोलीस ठाणं खिशात असलेल्या टोळ्यांचाच.

सगळ्यात खालचा आणि सगळ्यात जास्त खपलेला माल म्हणजे औद्योगिक अल्कोहोलपासून केलेली जिन. रंग, अत्तर, औषधांच्या कारखान्यांना अल्कोहोल लागायचंच. ते कोणी पिऊ नये म्हणून सरकार त्यात विष घालायला लावी, आणि टोळ्यांचे रसायनतज्ज्ञ ते परत काढायचा प्रयत्न करत. १९२७ च्या सुरुवातीला जाहीर झालेल्या एका नव्या सूत्रात १०० भाग अल्कोहोलमागे ४ भाग मेथनॉल होतं, शिवाय घाण वासाचं पिरिडीन आणि थोडं बेंझिन. घाण वास काढता येतो. मेथनॉल साध्या भट्टीवर पुरतं वेगळं होत नाही, कारण मेथनॉल आणि पिण्याचं अल्कोहोल यांच्या उकळण्याच्या तापमानात जेमतेम १४ अंशांचा फरक. मग त्यात जिनला वास देणारं जुनिपरचं तेल आणि घशाला गुळगुळीत लागावं म्हणून ग्लिसरीन पडलं की झाली 'बाथटब जिन'. १९२६ च्या नाताळात न्यूयॉर्कच्या बेलव्ह्यू रुग्णालयात अशा विषबाधेच्या रुग्णांची रीघ लागली. सरकार जाणूनबुजून विष घालतंय, असं शहराचे मुख्य वैद्यकीय परीक्षक चार्ल्स नॉरिस यांनी जाहीरपणे सुनावलं.

इथे नाटककार हमखास घसरतात. पात्र घोट घेतं, डोळे धरतं आणि कोसळतं, असं दाखवू नका. मेथनॉल स्वतः नशेपलीकडे फारसं काही करत नाही. शरीरात त्याचं फॉर्मिक आम्ल होतं तेव्हा डोळ्यांची नस जळते, आणि त्याला साधारण अर्धा ते एक दिवस लागतो. सोबत साधी दारूही पोटात असेल तर आणखी उशीर. म्हणजे माणूस रात्रभर छान नाचतो, घरी जाऊन झोपतो आणि दुसऱ्या दिवशी त्याला सगळं धुक्यासारखं पांढुरकं दिसू लागतं. २०१५ मध्ये मुंबईतल्या मालवणीत विषारी दारूने शंभराहून अधिक माणसं गेली तीही याच मेथनॉलने, बायोकेमिस्ट्री तीच. विषारी जमैका जिंजरने, म्हणजे दारूसारखा प्यायल्या जाणाऱ्या आल्याच्या अर्काने, पाय लुळे पडण्याचा प्रकार मात्र १९३० चा आहे, तो १९२७ मध्ये घुसवू नका.

आता धाड. न्यूयॉर्क राज्याने स्वतःचा दारूबंदी कायदा १९२३ मध्येच रद्द केला होता. त्यामुळे तिथला साधा पोलीस दारूच्या मागे फारसा लागत नसे, कोपऱ्यावर उभा राहून बघत असे. येणारा असे केंद्र सरकारचा एजंट, साध्या सुटाबुटात, बऱ्याचदा गिऱ्हाईक म्हणूनच. त्याला हवा असे पुरावा, आणि वास हा पुरावा नव्हे, द्रव हवा. इझी आइनस्टाइन या गाजलेल्या एजंटने जाकिटाच्या खिशात छोटं नरसाळं शिवून खाली नळीने बाटली जोडली होती. ओठांना लावलेला पेला तो हळूच त्यात रिकामा करी. पण त्याला आणि त्याचा जोडीदार मो स्मिथला १९२५ मध्ये घरी पाठवलं गेलं, म्हणून तुमच्या नाटकात त्यांचं नाव नको, युक्ती घ्या.

साहजिकच बचावाची सगळी अक्कल द्रव नाहीसा करण्यात खर्च व्हायची. पुढे १९३० मध्ये ५२व्या रस्त्यावर उघडलेल्या 'ट्वेंटी-वन' क्लबात बटण दाबताच बारच्या फळ्या कलंडत आणि बाटल्या घसरत खाली जाऊन फुटत. त्यांचं तळघर अडीच टनांच्या, भिंतीसारख्या दिसणाऱ्या दारामागे होतं. ठरावीक भेगेत मांस भाजायची लांब सळई सरकवली की ते उघडे. आणि ते तळघर होतं शेजारच्या, १९ नंबरच्या इमारतीखाली! म्हणजे 'आमच्या इमारतीत दारू नाही' हे वाक्य मालक शपथेवर म्हणू शकत होता. डान्स हॉलमध्ये एवढा थाट लागत नसे. दिवे एकदम पूर्ण लागले की लोक फ्लास्क टेबलाखाली जमिनीवर सोडत. जमिनीवरचा फ्लास्क कोणाचाच नसतो.

मंचसज्जेचं थोडक्यात: १९२७ च्या बँडमध्ये बँजो आणि टुबा हवेत, गिटार आणि उभा बास नंतर रुळले. हॉलमधल्या गायकाच्या हाती मायक्रोफोनऐवजी कर्णा द्या. चार्ल्सटन आणि ब्लॅक बॉटम हे नाच चालतील. आणि शेवटचा प्रवेश १९३३ वर नेणार असाल तर तारीख नीट निवडा: ७ एप्रिलपासून फक्त ३.२ टक्क्यांची बिअर कायदेशीर झाली, व्हिस्कीचा ग्लास उघडपणे टेबलावर ठेवायला ५ डिसेंबर उजाडावा लागला.