‘गुड बाय, लेनिन!’मध्ये दाखवलेलं पूर्व जर्मनीतलं रोजचं जगणं कितपत खरं आहे?

बरंचसं खरं आहे. पण लोक बरण्या, फर्निचर आणि ट्राबान्ट गाडीच बघत बसतात. मला विचाराल तर सगळ्यात खरी आहेत ती आईची पत्रं.

२००३ चा हा चित्रपट न पाहिलेल्यांसाठी: ७ ऑक्टोबर १९८९ ला, देशाच्या चाळिसाव्या वर्धापनदिनी, आई कोसळते. आठ महिन्यांनी शुद्धीवर येते तोवर बर्लिनची भिंत पडलेली असते. तिला धक्का बसू नये म्हणून मुलगा एका खोलीत जुना देश पुन्हा उभा करतो. जुन्या बरण्या शोधून त्यांत हॉलंडच्या काकड्यांचं लोणचं भरतो.

ही आई शेजाऱ्यांना तक्रारअर्ज लिहून देत असते. कपड्यांची मापं चुकतात, वगैरे. त्याला तिथे ‘आइनगाबे’ म्हणत. १९७५ च्या कायद्याने अशा अर्जाला चार आठवड्यांत उत्तर देणं बंधनकारक होतं. कोर्टात जाऊन सरकारशी भांडायची सोय जवळपास नव्हती, म्हणून घर, गाडी, सुटे भाग, सगळं याच कागदावर. १९७७ मध्ये कॉफी महागली तेव्हा सरकारने जेमतेम निम्मी कॉफी असलेलं मिश्रण बाजारात आणलं, बाकी वाटाणे, राय नावाचं धान्य असलं काहीतरी. तेव्हाही लोकांनी असेच अर्ज धाडले.

मी लाइपझिगला राहते, म्हणजे पूर्वीच्या पूर्व जर्मनीतच. आमच्या इमारतीतल्या आजींनी त्यांच्या एका अर्जाची कार्बन कॉपी मला दाखवली. पातळ, पिवळट कागद, न्हाणीघरातल्या बंबाच्या एका भागासाठी लिहिलेला. सुरुवातीला समाजवादाचं मनापासून कौतुक आणि शेवटची ओळ: हे न झाल्यास येत्या निवडणुकीला मी मतदानाला येणार नाही. जिथे ९८-९९ टक्के मतदान झाल्याचं जाहीर होई तिथे ही साधी धमकी नव्हती. आजींना तो भाग मिळाला.

भीती चित्रपटात फार दिसत नाही, असा आक्षेप घेतात. (पुढे कथेतलं गुपित आहे.) नवरा पश्चिमेला निघून गेल्यावर आईनेही मुलांना घेऊन जायचं ठरलेलं होतं. त्यासाठीही अर्जच करावा लागे, देश सोडण्याचा. तो केला की नोकरी, बढती, मुलांचं शिक्षण, सगळ्यावर गदा येऊ शके. तिला तर मुलंच काढून घेतील अशी धास्ती होती. पुढे आख्ख्या इमारतीसाठी अर्ज लिहून देणाऱ्या या बाईने तो एक अर्ज कधीच केला नाही.