घरांच्या रील करणाऱ्या नव्या एजंटला

प्रिय मित्रा,

तुझी सासू-सुनेची रील दोनदा पाहिली. पुण्याजवळच्या पुनावळ्याच्या टू बीएचकेत सासूबाई ‘देवघर कुठे?’ विचारतात आणि सून ड्राय बाल्कनीकडे बोट दाखवते, तिथे मी मनापासून हसलो. आमच्या वेळी पेपरातली छोटी जाहिरात आणि चौकातला फलक, एवढंच होतं. विश्वास बसायला चार भेटी लागायच्या. तुझा चेहरा मात्र लोकांना आधीच ओळखीचा झालेला असतो, फोन करतानाच ते निम्मे तुझे झालेले असतात. म्हणून हे लिहितोय.

त्या रीलमध्ये तू वाईड लेन्स लावलीस. दहा बाय अकराची बेडरूम हॉलएवढी दिसते. मीही एकदा असेच फोटो पाठवून सासवडहून एक कुटुंब बोलावलं होतं. आजोबांनी दारापासून खिडकीपर्यंत पावलं मोजली आणि एक शब्द न बोलता खाली उतरले. नातीने खोलीत पलंग कुठे लावायचा ते येतानाच ठरवलं होतं. तिचा चेहरा मला आजही आठवतो. त्यांनी पुन्हा माझा फोन उचलला नाही.

हसव, पण मोजायची टेप हातात घेऊन. सुनेला खरंच पलंग लावू दे, कपाटाचं दार त्याला आपटू दे. कार्पेटवरून, म्हणजे घरातल्या वापरायच्या जागेच्या मापावरून, तर छान भांडण रंगेल: सासूबाई बाल्कनी धरून आकडा सांगतात, सून म्हणते, रेरा या घरखरेदीच्या कायद्याच्या कार्पेटमध्ये आतल्या भिंती येतात, बाल्कनी आणि बाहेरच्या भिंती नाहीत. ‘हिंजवडी दहा मिनिटांवर’ म्हणायचं असेल तर सकाळी नऊला भूमकर चौकातून गाडी काढ आणि घड्याळ दाखव. मे महिन्यात टँकर येतो का, हे वॉचमनला कॅमेऱ्यासमोर विचार. घर घेणाऱ्याला हेच हवं असतं.

आणि रील ही जाहिरातच आहे. प्रकल्पाचा महारेरा, म्हणजे राज्याच्या रेरा प्राधिकरणाचा, नोंदणी क्रमांक, तुझा एजंट नोंदणी क्रमांक आणि १ ऑगस्ट २०२३ पासून सक्तीचा झालेला क्यूआर कोड नीट वाचता येईल असा ठेव. नोंदणी न झालेल्या ‘प्री-लाँच’ची रील बिल्डरने कितीही गळ घातली तरी करू नकोस. कायदा त्याला आधी जाहिरातच करू देत नाही.

शनिवारी सकाळी पुनावळ्याला ये. टेप मी आणतो, बेडरूमचा तेवढा भाग पुन्हा शूट करू.

तुझा,
काका