स्का संगीताच्या ध्वनिमुद्रिका उपलब्ध असताना माहितीपटकार आणखी काय जतन करतो?

मी माहितीपटांचे संकलन करतो आणि जमैकाचे जुने संगीत, विशेषतः स्का हे तिथले नाचाचे संगीत, आवडीने ऐकतो. त्या अनुभवावरून उत्तर देतो. ध्वनिमुद्रिका उपलब्ध आहेत हे खरे, पण त्यांत कोण वाजवत आहे हे तबकडीवरून पुष्कळदा कळतच नाही.

याचे मूळ जमैकाची राजधानी किंग्स्टन इथल्या साउंड सिस्टिमच्या धंद्यात आहे. १९५० च्या दशकात भलेमोठे स्पीकर लावून नाचाचे कार्यक्रम करणारे क्लेमेंट 'कॉक्सन' डॉड आणि ड्यूक रीड यांच्यात इतकी चुरस होती, की अमेरिकेहून आणलेली रेकॉर्ड प्रतिस्पर्ध्याला ओळखता येऊ नये म्हणून तिचे लेबल खरवडून टाकले जाई. हेच मालक पुढे निर्माते झाले, तेव्हा वादकांना ठरावीक बिदागी देऊन मोकळे करण्यात आणि लेबलावर त्यांची नावे न छापण्यात कोणाला काही गैर वाटले नाही. म्हणून माहितीपटकाराचे पहिले काम म्हणजे हयात वादकांसमोर त्या तबकड्या लावून हा ट्रंपेट कोणाचा, हा सॅक्सोफोन कोणाचा, असे विचारणे आणि एकाची आठवण दुसऱ्याच्या आठवणीशी ताडून पाहणे.

दुसरी गोष्ट वादकांच्या हातांची. 'स्काटलाइट्स' हा स्का वाजवणारा वाद्यवृंद १९६४ मध्ये स्थापन झाला आणि पुढच्याच वर्षी मोडला. टॉमी मॅकुक, डॉन ड्रमंड, जॉनी मूर आणि लेस्टर स्टर्लिंग हे त्याचे चार सदस्य कॅथलिक जोगिणींनी चालवलेल्या अल्फा बॉइज स्कूलमध्ये वाद्ये शिकले होते. त्याच वाद्यवृंदातील लॉइड निब यांच्या ड्रमवादनात बुरू या आफ्रिकी वळणाच्या जमैकन ढोलांचा संस्कार होता. तो ठेका ऐकून लिहून घेता येईल, परंतु काठी नेमकी कुठे आणि कशी पडते हे पाहावेच लागते.

वेळ मात्र कोणासाठी थांबत नाही. ड्रमंड १९६९ मध्येच मनोरुग्णालयात वारले. मॅकुक आणि त्यांचे सहकारी सॅक्सोफोनवादक रोलंड अल्फान्सो दोघेही १९९८ मध्ये गेले. माहितीपटकार ब्रॅड क्लाइन यांनी २००२ मध्ये टोरांटोत जुन्या कलावंतांची मैफल चित्रित केली, पण त्यावरचा माहितीपट २०१४ मध्ये आला, आणि तोवर डॉड (२००४), निब (२०११) आणि बास वाजवणारे लॉइड ब्रेव्हेट (२०१२) हयात नव्हते. अशा चित्रपटांत प्रत्येक गाण्यासाठी रचनेची आणि ध्वनिमुद्रणाची परवानगी वेगवेगळी घ्यावी लागते, आणि इथे तर मालकीच वादग्रस्त असते; पैशाची ओढाताण निराळीच.

त्यामुळे माझ्या मते तयार चित्रपटापेक्षा न कापलेले चित्रण अधिक मोलाचे आहे. आम्ही संकलक तासाभराच्या मुलाखतीतून दोन-तीन मिनिटे ठेवतो, आणि ध्वनिमुद्रणाच्या कोणत्या सत्रात कोण होते हा तपशील, प्रेक्षकाला कंटाळा येईल म्हणून, सर्वांत आधी काढतो. ते संपूर्ण चित्रण, नावे आणि तारखांच्या नोंदींसह, किंग्स्टनच्या जमैका म्युझिक म्युझियमसारख्या संस्थेकडे सोपवावे, आणि तसा करार चित्रीकरणापूर्वीच मुलाखत देणाऱ्यांशी करून ठेवावा.